वेळासच्या वाळूतली ठेव
सभासदांच्या कोकण सहलीचा वृत्तांत

कारखान्याचा पट्टा पडला, शेवटची बैलगाडी रिकामी झाली की सभासदांची सहल निघते, हा आपल्याकडचा जुना रिवाज. पंढरपूर, अक्कलकोट, गाणगापूर ही वाट ठरलेली. फार तर एखाद्या साली ठिबक सिंचनाचे प्लॉट बघायला पश्चिम महाराष्ट्रात जातो. यंदा मात्र मार्चअखेरीस रत्नागिरी जिल्ह्यातील वेळास या गावी समुद्री कासवे पाहायला जायचे ठरले आणि गाडी हलण्याआधीच हशा पिकला.

"कासव बघायला पाचशे किलोमीटर? आमच्या महादेवाच्या देवळात रोज त्याच्यावरून पाय वाचवूनच आत जातो की," चाकूरकडचे एक आबा म्हणाले.

नांदेडकडची मंडळी लातूरला येऊन मिळाली होती. बार्शी, टेंभुर्णी करीत रात्रीतून पुणे गाठले. पहाटे ताम्हिणी घाट उतरलो, माणगाव मागे टाकून मंडणगडला चहा घेतला आणि दुपारच्या आत बाणकोटची खाडी दिसली. सावित्री नदी इथे समुद्राला मिळते. आमच्यातील निम्म्याअधिक भगिनींनी समुद्र पहिल्यांदाच पाहिला. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. शेवटी एकजण म्हणाली, "एवढं पाणी, अन् एक घोट पिता येईना!" ज्यांनी २०१६ च्या एप्रिलात लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आलेले पाहिले आहे, त्यांनाच हे वाक्य सुचावे.

गाव लहान, घरे साधी

वेळास हे पेशवाईतील नाना फडणवीसांचे मूळ गाव. जांभ्या दगडाची घरे, दारात तुळशीवृंदावन, मागे नारळी-पोफळीची वाडी. हॉटेल, लॉज काही नाही. पाहुण्यांची सोय गावकऱ्यांच्या घरीच होते. जेवण घरचे, झोपणे ओटीवर किंवा माजघरात. आमची पन्नास माणसे चार घरांत वाटली गेली. केळीच्या पानावर भात, आमटी आणि उकडीचे मोदक वाढले. भाकरीवाचून आमच्या काही मंडळींचे पोट भरले नाही, पण मोदकांवर कुणी राग काढला नाही.

दुपारी गावातल्या एका कासवमित्राने सगळ्यांना अंगणात बसवून माहिती सांगितली. किनाऱ्यावर घरटी शोधून ती राखणाऱ्या स्थानिक माणसांना इकडे कासवमित्र म्हणतात. त्याने सांगितलेले थोडक्यात असे.

इथे येणारे कासव ऑलिव्ह रिडले जातीचे. पूर्ण वाढलेली मादी सुमारे दोन फूट लांब, वजनाला चाळीस किलोच्या आसपास. आयुष्य सारे समुद्रात जाते, पण अंडी घालायला तिला वाळूवर यावेच लागते. थंडीच्या दिवसांत ती रात्री भरतीच्या रेषेच्या वर येते, मागच्या पायांनी हात-दीड हात खोल, घागरीच्या घाटाचा खड्डा करते, त्यात शंभराच्या वर अंडी घालते, वाळू लोटून खड्डा बुजवते आणि परत जाते. पुन्हा वळून बघत नाही. पुढचे काम वाळूच्या उबेचे. ४५ ते ६० दिवसांत पिल्ले बाहेर येतात. वाळू जास्त तापली तर माद्या जास्त निपजतात, थंड राहिली तर नर.

ओडिशाच्या किनाऱ्यावर ही कासवे लाखांनी येतात. कोकणात मात्र एकेकटी येतात, म्हणून एकेका घरट्याला मोल आहे. कोल्हे, कुत्री, डुकरे वास काढून घरटी उकरतात. आणि पूर्वी माणूसही मागे नव्हता. मादीच्या पावलांचा माग काढायचा, काठी खुपसून जागा शोधायची, अंडी काढून खायची नाहीतर विकायची, असे पिढ्यान्‌पिढ्या चालले होते. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने हे गुन्हा ठरवले, पण रात्रीच्या किनाऱ्यावर कायदा कोण बघतो?

चिपळूणच्या 'सह्याद्री निसर्ग मित्र' या संस्थेची माणसे २००२ साली या भागात समुद्री गरुडांची घरटी मोजत हिंडत होती. त्यांना वाळूत कासवाच्या अंड्यांची टरफले दिसली. तेव्हापासून काम सुरू झाले. त्यांनी गावातल्याच तरुणांना हाताशी धरले. रोज पहाटे किनारा चालायचा, घरटे सापडले की अंडी न उलटता अलगद काढायची आणि जाळीचे कुंपण घातलेल्या जागेत तशाच खड्ड्यात ठेवायची. अंडे उलटले तर आतला जीव मरतो, म्हणून हे काम उजाडताच आणि हळू हाताने करावे लागते. २००६ पासून गावात कासव महोत्सव भरू लागला. पुढे वन विभागही यात उतरला आणि रत्नागिरी, रायगड, सिंधुदुर्गातल्या इतर किनाऱ्यांवर हीच पद्धत गेली.

टोपलीखाली काहीच नाही

संध्याकाळी सुरूच्या बनातून किनाऱ्यावर गेलो. कुंपणात प्रत्येक घरट्यापाशी तारीख आणि अंड्यांची संख्या लिहिलेली पाटी. वर टोपली पालथी घातलेली. दोरीच्या अलीकडे आम्ही शे-दीडशे पाहुणे श्वास रोखून उभे. कासवमित्राने एक टोपली उचलली. काही नाही. दुसरी उचलली. काही नाही. सगळ्या उचलून झाल्या.

"आज नाही आली. निसर्गाला वेळापत्रक लावता येत नाही," एवढे बोलून तो टोपल्या परत ठेवू लागला.

आमच्यात कुरकुर सुरू झाली. "वर्गणी दिली, रात्रभर गाडीत अंग मोडलं, अन् बघितलं काय तर टोपल्या!" अर्धापूरचे एक केळीवाले तात्या तर फारच तापले. रात्री जेवताना त्यांनी यजमानीण काकूंना सरळच विचारले, "काकू, ह्या कासवांचा तुम्हाला काय फायदा हो?"

काकू भात वाढता वाढता म्हणाल्या, "आधी अंडी काढायचो, तेव्हा एकाला चार पैसे मिळायचे. ज्याला घरटं सापडलं त्याला. आता अंडी तिथेच ठेवतो, तर तुम्ही येता. तुमचं जेवण माझ्याकडे, नारळ शेजारच्यांचे, मोदक वळायला पलीकडच्या दोघी. दोन महिने सगळ्या आळीला काम आहे. सांगा, फायदा कुठला मोठा?"

तात्या गप्प झाले. आम्हा साखर कारखान्याच्या सभासदांना हे गणित नवे नव्हते. प्रवरानगरला १९५० साली पहिला सहकारी साखर कारखाना सुरू झाला तो याच हिशोबावर. एकेकट्याने मिळेल त्या भावात ऊस घालण्यापेक्षा सगळ्यांनी मिळून राखले तर सगळ्यांचे भागते. फरक इतकाच की वेळासच्या भागभांडवलाला चार पाय आहेत.

तेवीस पिल्ले

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला पुन्हा किनारा. तिसरी टोपली उचलली आणि खालची वाळू हलली. तळहातात मावतील एवढी, काळपट पिल्ले एकमेकांवर चढत होती. आम्ही मोजली, तेवीस भरली. पाण्यापासून काही अंतरावर ती वाळूवर सोडली. थेट पाण्यात सोडत नाहीत. ही वाळू त्यांनी स्वतः चालून जायची, कारण मोठी झालेली मादी बहुधा आपल्या जन्मकिनाऱ्याकडेच परतते. हात लावायचा नाही, बॅटरी लावायची नाही, दोरी ओलांडायची नाही. पिल्ले उजेडाच्या दिशेने जातात. किनाऱ्यावर दिवे असले तर उलटी गावाकडे चालू लागतात.

पहिल्या लाटेने चार-पाच पिल्ले मागे फेकली. ती उलटी झाली, सुलटी झाली आणि पुन्हा निघाली. काल कुरकुरणारे तात्या एका पिल्लासाठी "चल गड्या, चल की" म्हणत गुडघ्यावर बसले होते. हजारातले एखादेच मोठे होते असे म्हणतात. पण मोठे झाले तर किती फिरते पाहा. ओडिशातील गहिरमाथा येथे २०२१ साली खुणेचा बिल्ला लावलेली एक मादी २०२५ च्या जानेवारीत याच जिल्ह्यात गुहागरला अंडी घालताना सापडली. पूर्व किनाऱ्यावरून भारताला वळसा घालून ती पश्चिमेला आली होती.

आपल्या नदीचे काय?

परतताना गाडीत आबांनी प्रश्न काढला. "आमच्या लहानपणी मांजरेच्या वाळूतही कासवाची अंडी सापडायची. आता का नाही?" उत्तर देणे कुणालाच अवघड नव्हते. गोदावरी आणि मांजरा खोऱ्यात मऊ पाठीची कासवे आहेत. तीही काठच्या वाळूत, मातीत अंडी घालतात. मेलेले मासे, कुजके खाऊन पाणी साफ ठेवतात. पण आपल्याकडे वाळूच राहिली नाही. ती ट्रॅक्टर आणि हायवा भरभरून गेली. वाळू गेली तशी पाणी धरून ठेवणारी नदीची कूस गेली आणि काठच्या विहिरीही तळ दाखवू लागल्या. ऊस आपला त्याच विहिरींवर उभा असतो, हे आपण विसरतो. वेळासचा माणूस वाळूतले राखून दोन पैसे कमावतो. आपण वाळूच विकली. त्या ट्रॅक्टरांत आपल्या सभासदांचेही होते, हे इथे लिहिले नाही तर या वृत्तांताला अर्थ राहणार नाही.

गाडीतच काहींनी ठरवले की निदान आपल्या शिवारापुरते नदीपात्र राखायचे, कासव जाळ्यात आले तर सोडून द्यायचे. नदीतल्या कासवांनाही कायद्याचे संरक्षण आहेच. ठरावाचे पुढे काय होते ते पुढील अंकात कळवू.

जाणाऱ्यांसाठी : पिल्ले साधारण फेब्रुवारीअखेर ते एप्रिल मध्यापर्यंत निघतात. राहण्याची सोय आधी ठरवून जावे, शनिवार-रविवार टाळावा. किमान एक मुक्काम करावाच, म्हणजे संध्याकाळ आणि सकाळ दोन्ही मिळतात. टोपली रिकामी निघाली तर रागावू नये. पुढील हंगामानंतर ज्यांना यायचे आहे त्यांनी आपल्या गटाच्या शेतकी कार्यालयात नावे द्यावीत.