पावणेतीन अधिक एक पूर्णांक दोन तृतीयांश

आपल्या इंदूरमध्ये हिंदी माध्यमात शिकणारे मूल ‘मिश्र भिन्न’ आणि ‘हर’ म्हणते. अभ्यास घ्यायला बसलेले आजोबा ‘पूर्णांकयुक्त अपूर्णांक’ आणि ‘छेद’ म्हणतात. गणित सुरू होण्याआधीच दोघे अडतात. वास्तविक भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) हर आणि छेद हे दोन्ही शब्द येतात, तेव्हा वाद घालण्यासारखे काही नाही.

एक उदाहरण घेऊ. गणेशोत्सवात एकाच संध्याकाळी पावणेतीन तासांचे नाटक आहे आणि एक तास चाळीस मिनिटांचे अभंगगायन. सभागृह साडेचार तासांसाठी मिळाले आहे. दोन्ही कार्यक्रम बसतील का?

तासांत मांडले तर बेरीज होते २ ३/४ + १ २/३. मुले हमखास वर वर आणि खाली खाली मिळवतात: ३ + २ = ५, ४ + ३ = ७, म्हणून ५/७. पण ५/७ तर ३/४ पेक्षाही लहान. पाऊण तासात भर घातल्यावर तो पाऊण तासाहून कमी कसा होईल? हा प्रश्न मुलाला विचारावा, नियम नंतर सांगावा.

चतुर्थांश आणि तृतीयांश हे वेगवेगळ्या मापाचे तुकडे आहेत. ते एका मापाचे केल्याशिवाय मोजता येत नाहीत. यालाच समच्छेद करणे म्हणतात. ४ आणि ३ यांचा लसावि १२. तासाचा बारावा भाग म्हणजे पाच मिनिटे. म्हणून ३/४ = ९/१२ आणि २/३ = ८/१२. बेरीज १७/१२, म्हणजे १ ५/१२. आता पूर्णांक: २ + १ + १ ५/१२ = ४ ५/१२. चार तास पंचवीस मिनिटे. कार्यक्रम बसतात, पण पाहुण्यांच्या भाषणाला पाचच मिनिटे उरतात!

‘पावणेतीन’ या शब्दातच आणखी एक वाट दडलेली आहे. पावणेतीन म्हणजे तीनला पाव कमी. तसेच १ २/३ म्हणजे दोनला एक तृतीयांश कमी. मग ३ + २ = ५, त्यातून १/४ + १/३ = ७/१२ वजा करा. उरले ४ ५/१२. पावकी, निमकी, पाऊणकी पाठ केलेली मंडळी असे हिशेब तोंडी करत. सव्वा, दीड, अडीच हे शब्द हिंदीतही थोड्या फरकाने आहेतच. इंग्रजी माध्यमातल्या मुलांना मात्र ते घरीच ऐकवायला हवेत.

छेद ४ आणि ६ असतील तर थेट गुणाकार करून २४ घेतला तरी चालते. उत्तर चुकत नाही, फक्त शेवटी संक्षेप करावा लागतो. १२ घेतले की आकडे लहान राहतात.