‘मधु’ शब्दाचा एक विसरलेला अर्थ

जुन्या पोथ्यांत पानगोष्ठीच्या प्रसंगीं ‘मधु’ शब्द आला कीं ‘मध’ असा अर्थ करून पुढें जाण्याची वहिवाट पडली आहे. ती सर्वत्र ग्राह्य नाहीं, एवढेंच आम्हांस येथें दाखवावयाचें आहे.

कौटिलीय अर्थशास्त्राची तालपत्रावरील पोथी इ. स. १९०५ मध्यें म्हैसूर येथें पं. शामशास्त्री यांच्या हातीं आली व १९०९ मध्यें तो ग्रंथ छापून निघाला. त्याच्या दुसऱ्या अधिकरणांतील २५ व्या अध्यायांत सुराध्यक्षाचीं कामें सांगतांना मेदक, प्रसन्ना, आसव, अरिष्ट, मैरेय व मधु असे मद्याचे सहा प्रकार दिले आहेत. पैकीं मेदकास एक द्रोण पाणी, अर्धा आढक तांदूळ व तीन प्रस्थ किण्व असें प्रमाण आहे. आसवांत कवठ, काकवीसारखें फाणित आणि एक प्रस्थ मधु पडतें. हें मधु अर्थात् मधच. परंतु सहाव्या प्रकाराचें लक्षण ‘द्राक्षांचा रस’ एवढेंच दिलें आहे. म्हणजे एकाच अध्यायांत एकच शब्द दोन अर्थांनीं आला आहे!

या मधूची कृति ग्रंथकारानें दिली नाहीं, याचें कारण आमच्या मतें उघड आहे. तांदुळाच्या मद्यास किण्व, म्हणजे आंबविण्याचें बीज, बाहेरून घालावें लागतें. द्राक्षाच्या सालीवर तें मूळचेंच असतें. रस काढून ठेविला कीं तो आपोआप आंबतो.

द्राक्षमद्यास कौटिल्य प्रदेशावरून कापिशायन व हारहूरक अशीं नांवें देतो. पाणिनीनें (४.२.९९) कापिशी या स्थलनामापासून कापिशायन शब्द साधला असून काशिकेंत त्याचीं उदाहरणें म्हणून तेथील मधु व तेथील द्राक्षेंच दिलीं आहेत. कापिशी म्हणजे काबूलच्या उत्तरेस असलेलें बेग्राम, असें विद्वान् मानतात. तेथें १९३७ व १९३९ सालीं फ्रेंच संशोधकांस हस्तिदंती कोरीव कामासह रोमन कांचेचीं पानपात्रें सांपडलीं. त्यांतून कापिशायनच प्यालें जाई, असें म्हणण्यास मात्र आम्ही धजत नाहीं.

पोथीसंग्राहकांनीं आणखी एक गोष्ट ध्यानांत ठेवावी. मृद्वीका म्हणजे द्राक्ष. तिचें तें ‘मार्द्वीक’. ‘माध्वीक’ हें मधाचें वा मोहाचें समजतात. देवनागरींत एक रफार गळाला आणि ‘द’चा ‘ध’ वाचला गेला, कीं द्राक्षांचें मद्य मोहाचें होऊन बसतें. द्राक्ष कधीं न पाहिलेल्या लेखकाच्या हातून असें होणें अगदीं स्वाभाविक आहे. तेव्हां अशा स्थळीं छापील पाठावर न विसंबतां पोथींतील अक्षर स्वतः पाहावें.