हिंदुराव ते दिगू टिपणीस

निळू फुले म्हटले की आजही कोणीतरी आवाज घोगरा करतो, डोळे बारीक करतो आणि वाड्यावरचा पाटील उभा करतो. नकलाकारांनी या नटाला एका पाटलात कोंडून टाकले आहे. तो पाटील खोटा नव्हता, पण तेवढाच नट मागे उरावा हे पटत नाही.

निळूभाऊ १९३० साली जन्मले. तरुणपणी ते पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात रमत. समतेचा विचार आणि वगाची हजरजबाबी भाषा, दोन्ही त्यांना तिथेच मिळाले. पु. ल. देशपांडे यांच्या ‘पुढारी पाहिजे’मध्ये त्यांनी रोंगे केला. पुढे ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांचे नाव गावोगाव नेले. अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तला (१९६८) झेलेअण्णा हा त्यांचा पडद्यावरचा पहिला ठसा.

वगातला नट म्हणजे विनोदी नट, हा शहरी समज १९७२च्या ‘सखाराम बाइंडर’ने मोडला. टाकलेल्या बायका घरी आणून स्वतःच्या नियमांनी ठेवणारा हा बाइंडर. विजय तेंडुलकरांचे हे नाटक सेन्सॉरने अडवले, दिग्दर्शक कमलाकर सारंग उच्च न्यायालयात गेले. या गदारोळात एक गोष्ट मागे पडली: सखारामचा रांगडेपणा आणि त्याच्या तळाशी असलेली भीती निळूभाऊंनी एकाच देहात दाखवली होती.

मग आला जब्बार पटेलांचा ‘सामना’, पटकथा तेंडुलकरांचीच. १९७५च्या बर्लिन महोत्सवात गेलेल्या या चित्रपटातला हिंदुराव धोंडे पाटील साखर कारखान्याचा धनी आहे. तो ओरडत नाही. पाहुणचार करतो, दारू पाजतो, मिठ्ठास बोलतो. समोर डॉ. श्रीराम लागूंचा फाटका मास्तर गायब झालेल्या मारुती कांबळेबद्दल विचारत राहतो आणि त्या एका प्रश्नाने हिंदुरावाच्या चेहऱ्यावरचा आत्मविश्वास थोडाथोडा झिरपून जातो. सहकारातून उभ्या राहिलेल्या सत्तेचा इतका बारीक अभ्यास एखाद्या अग्रलेखातही सापडणार नाही. माझ्या मते सेवा दलाचा कार्यकर्ता असल्यामुळेच त्यांना हा माणूस कळला. ज्यांच्याशी भांडायचे, त्यांना ते वर्षानुवर्षे निरखत आले होते.

चार वर्षांनी, १९७९ साली, ‘सिंहासन’. दिग्दर्शक तेच, पटकथाकार तेंडुलकरच, कथा अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांची. आता खुर्चीकडे डोळे लावून बसलेले मंत्री आहेत लागू, आणि निळूभाऊ आहेत दिगू टिपणीस, सगळे पाहणारा आणि काहीच बदलू न शकणारा पत्रकार. ना घोगरा दरारा, ना मिशीवरचा ताव. खांदे पडलेले, सिगारेटच्या धुरामागे थकलेले डोळे. शेवटी तो भ्रमिष्टासारखा हसत सुटतो, तेव्हा प्रेक्षकाला हसू येत नाही.

हिंदीने त्यांना बहुतेक वेळा खलनायकच दिला. अपवादानेच चांगले हाती लागले. ‘सारांश’मधला (१९८४) राजकारणी गजानन चित्रे त्यातला. पडद्याबाहेर अंधश्रद्धा निर्मूलन, सामाजिक कृतज्ञता निधी ही कामे त्यांनी प्रसिद्धीची पर्वा न करता केली. १३ जुलै २००९ रोजी ते गेले.

वाचकांना एकच विनंती: ‘सामना’ आणि ‘सिंहासन’ लागोपाठच्या दोन रात्री पाहा, आणि मगच कोणाला त्यांची नक्कल करायला सांगा.