'सँडल्स' नेमकं कुणाचं? कौटुंबिक कंपनीच्या मालकीचा नकाशा कसा वाचायचा

काही वर्षांपूर्वी वेस्ट इंडीजच्या क्रिकेटपटूंच्या जर्सीवर 'सँडल्स' असं मोठ्या अक्षरांत लिहिलेलं असायचं. आपल्याकडे अनेकांना ती चपलांची कंपनी वाटली. प्रत्यक्षात ती कॅरिबियनमधली, समुद्रकिनाऱ्यावरच्या आलिशान रिसॉर्टांची साखळी आहे. जमैका, अँटिग्वा, सेंट लुसिया, बहामाज, ग्रेनाडा, बार्बाडोस, क्युरसॉ आणि सेंट व्हिन्सेंट एवढ्या ठिकाणी ती पसरली आहे. तिचीच 'बीचेस' नावाची बहीण-साखळी टर्क्स अँड केकॉस बेटांवर आणि जमैकात आहे.

ही साखळी कुणाच्या मालकीची, असं विचारलं तर सरळ उत्तर मिळतं : स्ट्युअर्ट कुटुंबाच्या. उत्तर बरोबर आहे, पण त्याचा उपयोग फारसा नाही. रिसॉर्टमध्ये पाय घसरून पडलेल्या पाहुण्याला दावा कुणावर लावायचा ते यातून कळत नाही. करसवलत द्यायची की नाही हे ठरवणाऱ्या छोट्या बेटाच्या अर्थमंत्र्यालाही कळत नाही. आणि मालकीच्या नेटवर्कवर संशोधन करणाऱ्यांना तर मुळीच कळत नाही. असं का होतं, ते आज बघूया.

एका माणसाची गोष्ट, अनेक कंपन्या

गॉर्डन 'बुच' स्ट्युअर्ट (१९४१–२०२१) हा मूळचा हॉटेलवाला नव्हे. १९६८ मध्ये त्याने जमैकात अप्लायन्स ट्रेडर्स लिमिटेड ही कंपनी काढली आणि एअर कंडिशनर विकायला सुरुवात केली. १९८१ मध्ये माँटेगो बे इथलं 'बे रॉक' हे जुनं हॉटेल घेऊन, दुरुस्त करून त्याने पहिलं सँडल्स उघडलं. पद्धत अशी की पैसे एकदाच भरायचे, मग खाणं, पिणं, खेळ सगळं त्यातच. ही कल्पना जमैकात आधीपासून होती. इसा कुटुंबाची हॉटेलं त्याच पद्धतीने चालत होती. स्ट्युअर्टने तिची मोठी साखळी केली.

१९९३ मध्ये 'जमैका ऑब्झर्व्हर' हे दैनिक आलं. १९९४ मध्ये त्याच्या नेतृत्वाखालच्या गटाने एअर जमैका ही सरकारी विमान कंपनी घेतली. म्हणजे पर्यटकाला बेटावर आणणारं विमान, त्याला उतरवून घेणारं हॉटेल, हॉटेलातला एसी आणि सकाळचा पेपर, सगळं एकाच माणसाच्या आसपास.

पण कायद्याच्या नजरेतून ही 'एकच वस्तू' कधीच नव्हती. एअर जमैका तोट्यात गेली आणि २००४ मध्ये सरकारकडे परत आली. हॉटेलं मात्र कुटुंबाकडेच राहिली. वेगळ्या कंपन्या काढण्याचं हे सर्वांत जुनं कारण : एका घराला आग लागली तरी शेजारचं वाचावं.

मालकी आणि नियंत्रण : थोडं गणित

नेटवर्कच्या भाषेत प्रत्येक कंपनी, व्यक्ती किंवा ट्रस्ट हा एक बिंदू. 'अ'कडे 'ब'चे शेअर असतील तर 'अ'कडून 'ब'कडे एक बाण, आणि त्या बाणावर टक्केवारी.

समजा एका कुटुंबाकडे 'अ' या होल्डिंग कंपनीचे ६०% शेअर आहेत. 'अ'कडे 'ब'चे ६०%, आणि 'ब'कडे 'क' या हॉटेल कंपनीचे ६०%. हॉटेलला १०० रुपये नफा झाला तर कुटुंबाच्या वाट्याला किती? ०.६ × ०.६ × ०.६, म्हणजे २१.६ रुपये. पण हॉटेलचे संचालक कोण नेमणार? प्रत्येक पायरीवर बहुमत कुटुंबाकडेच आहे, त्यामुळे सगळेच्या सगळे. नफ्यातला वाटा जेमतेम पाचवा हिस्सा, हुकूम मात्र पूर्ण. याला पिरॅमिड म्हणतात. (हे आकडे फक्त समजावण्यासाठी घेतलेत, सँडल्सचे नाहीत.)

ही कल्पित भीती नव्हे. ला पोर्ता, लोपेझ-दे-सिलानेस आणि श्लायफर या तिघांनी १९९९ मध्ये २७ श्रीमंत देशांतल्या मोठ्या कंपन्या तपासल्या. पाठ्यपुस्तकांत सांगतात तशी, हजारो भागधारकांत विखुरलेली मालकी त्यांना बऱ्याच देशांत सापडली नाही. वरवर चढत गेलं की टोकाला बहुतेकदा एखादं कुटुंब किंवा सरकार सापडायचं.

२०११ मध्ये झुरिकच्या ईटीएचमधल्या विताली, ग्लाटफेल्डर आणि बातिस्तोन यांनी हेच जगभरासाठी केलं. ४३,०६० बहुराष्ट्रीय कंपन्यांचं जाळं त्यांनी मांडलं आणि नियंत्रण कुठे साठतं ते मोजलं. एकमेकांत घट्ट गुंतलेल्या १४७ कंपन्यांच्या गाभ्याकडे सुमारे ४०% नियंत्रण आहे, असं उत्तर आलं. त्या बहुतेक वित्तसंस्था होत्या. हा निबंध त्या वेळी खूप गाजला.

आता त्यातली मेख. असा नकाशा कागदोपत्री नोंद असलेल्या बाणांवरच उभा राहतो. शेअर बाजारातल्या कंपन्यांना भागधारकांची माहिती जाहीर करावीच लागते. सँडल्ससारखी खाजगी कंपनी अनेक देशांत तशी बांधील नसते. त्यामुळे जगाच्या नकाशावर ती एक पुसट ठिपका दिसते. पण जेमतेम लाखभर वस्तीच्या अँटिग्वात हाच ठिपका केवढा मोठा होतो, याचा विचार करा.

चार वेगळे प्रश्न

म्हणून 'मालक कोण' हा प्रश्न फोडून विचारावा लागतो.

पहिला : शेअर कुणाचे? स्ट्युअर्टच्या उद्योगसमूहाच्या वरच्या थरात गॉरस्ट्यू लिमिटेड ही होल्डिंग कंपनी होती. गॉर्डन स्ट्युअर्ट या नावाचाच तो संक्षेप.

दुसरा : नाव कुणाचं आणि कारभार कोण बघतं? पाहुण्याला दिसतं ते सँडल्स रिसॉर्ट्स इंटरनॅशनल. पण ज्याचं नाव दारावर, त्याचीच इमारत असेल असं नाही. हॉटेलच्या धंद्यात जमीन आणि इमारत एकाची, चालवणारा दुसरा, हे जगभर नेहमीचं आहे.

तिसरा : तुमचा करार कुणाशी? अमेरिकेतून बुकिंग केलं तर तिथे युनिक व्हेकेशन्स ही मायामीतली कंपनी येते. तिच्याच जाहिरातींतल्या बारीक अक्षरांत ती युनिक ट्रॅव्हल कॉर्पोरेशनशी संलग्न असल्याचं, आणि ही दुसरी कंपनी सँडल्सची जागतिक प्रतिनिधी असल्याचं लिहिलेलं असतं. 'प्रतिनिधी' हा शब्द नीट वाचा. प्रतिनिधी म्हणजे मालक नव्हे. पाहुणा पडला, दावा फ्लोरिडात लावला, तर पहिला वाद जखमेवर होत नाही. या कंपनीला या कोर्टात खेचता येतं का, यावर होतो.

चौथा : कर कोण कुठे भरतं? बेटावरच्या सरकारचा हात तिथे नोंदलेल्या कंपनीपर्यंतच पोचतो. पाहुण्याने परदेशात भरलेल्या एकरकमी पैशांतला खोलीचा भाग किती, जाहिरात आणि कमिशनचा किती, हे बेटाला आपोआप दिसत नाही. सगळं एकाच बिलात असण्याची सोय पाहुण्याला असते. तीच कर अधिकाऱ्याची डोकेदुखी होते.

रचना दिसते ती वादातून

खाजगी कंपनीचा नकाशा ती स्वतःहून छापत नाही. तिचा सरकारशी किंवा कोर्टाशी खटका उडाला की त्यातला एखादा कोपरा उजेडात येतो. तीन प्रसंग बघा.

टर्क्स अँड केकॉस हा ब्रिटनचा प्रदेश. तिथल्या राजकीय भ्रष्टाचाराच्या चौकशीनंतर २००९ मध्ये ब्रिटनने स्थानिक स्वराज्य स्थगित केलं आणि २०१२ पर्यंत कारभार आपल्या हातात ठेवला. पुढे २०१३ मध्ये सँडल्सने तिथल्या सरकारशी तडजोड केली आणि १ कोटी २० लाख डॉलर दिले. कुठलाही दोष मान्य न करता केलेली ही तडजोड होती. ते लक्षात ठेवायला हवं. तडजोड झाली की खटला चालत नाही, आणि खटला चालला नाही की कागद बाहेर येत नाहीत.

अँटिग्वात आधीच्या सरकारने दिलेल्या करसवलतीवरून नव्या सरकारशी वाद झाला. सवलत अशी की पाहुण्यांकडून गोळा केलेल्या विक्रीकराचा मोठा भाग हॉटेलने स्वतःकडे ठेवायचा. वाद चालू असतानाच, २०१७ मध्ये, दुरुस्तीचं कारण देऊन कंपनीने हॉटेल काही महिने बंद ठेवलं. एवढ्याशा बेटावर एक मोठं हॉटेल बंद होणं म्हणजे शेकडो घरांतल्या पगाराचा प्रश्न. सवलतीचे आकडे जाहीर झाले नसते तर लोकांना वादाचं मूळच कळलं नसतं.

तिसरं उदाहरण टोबॅगोचं, आणि ते सगळ्यांत बोलकं आहे. त्रिनिदाद-टोबॅगो सरकारने सँडल्सशी सामंजस्य करार केला होता, पण मजकूर गुप्त ठेवला. आपल्या आरटीआयसारखा तिथेही कायदा आहे. एका नागरिकाने त्याच्या आधारे कोर्ट गाठलं आणि २०१८ च्या डिसेंबरात करार जाहीर करावा लागला. त्यातून दिसलं की हॉटेल बांधायचं सरकारने, मालकी सरकारची, आणि सँडल्स ते आपल्या नावाने चालवणार. म्हणजे भांडवलाची जोखीम जनतेची. पुढच्याच महिन्यात नकारात्मक प्रसिद्धीचं कारण सांगून कंपनीने प्रकल्पातून अंग काढून घेतलं. यात कोण चूक, कोण बरोबर, यावर तिथे अजून वाद घालता येईल. पण दारावर 'सँडल्स' लिहिलेलं, सरकारी मालकीचं हॉटेल शक्य होतं, हे लोकांना कळलं ते कागद बाहेर आला म्हणून.

बाप गेल्यावर

जानेवारी २०२१ मध्ये बुच स्ट्युअर्ट वारला. मुलगा ॲडम स्ट्युअर्ट लगेचच कार्यकारी अध्यक्ष झाला. बातम्यांत 'कंपनी मुलाकडे आली' असं वाक्य येतं, पण आपण वर चार प्रश्न वेगळे केलेत. मुलाकडे आलं ते पद. पद जाहीर होतं, शेअर कुठे गेले हे जाहीर होत नाही. मृत्यूनंतर इस्टेटीवरून वारसांमधले मतभेद कोर्टात पोचले, यावरूनच कळतं की पद आणि मालमत्ता या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

मोठी कुटुंबं यासाठी बहुधा ट्रस्ट वापरतात. ट्रस्ट म्हटलं की आपल्याला देवस्थान आठवतं, पण खाजगी ट्रस्टचं काम वेगळं. शेअर कागदावर विश्वस्ताच्या नावावर, फायदा लाभार्थींना, आणि विश्वस्ताने कसं वागायचं हे ठरवणारी कागदपत्रं कपाटात. नेटवर्क काढणाऱ्याच्या दृष्टीने इथे बाण तुटतो. टक्केवारी लिहायला जागाच उरत नाही.

कायदाही देशागणिक बदलतो. ब्रिटनमध्ये २०१६ पासून कंपनीवर २५% पेक्षा जास्त नियंत्रण असलेल्या व्यक्तीचं नाव कुणालाही फुकट बघता येतं. बहामाजमध्ये अशी नोंद सरकारकडे असते, पण तुम्हा-आम्हाला खुली नाही. म्हणजे एकाच कुटुंबाच्या दोन कंपन्यांपैकी एक काचेच्या घरात असू शकते, तर दुसरी भिंतीआड.

यात बेकायदा काही आहे असा अर्थ कृपया काढू नका. वेगळ्या कंपन्या, ट्रस्ट, प्रतिनिधी हे सगळं कायदेशीर आहे आणि त्यामागे व्यावहारिक कारणं असतात. शिवाय स्थानिक कुटुंबाने उभी केलेली साखळी ही कॅरिबियनला अभिमानाची गोष्ट आहे, कारण तिथलं बरंच पर्यटन परदेशी कंपन्यांच्या हातात आहे. मुद्दा सौदा करताना कुणाला किती दिसतं, याचा आहे. कुटुंबाला पूर्ण नकाशा दिसतो. बेटावरच्या सरकारला आपल्या बेटापुरता. पाहुण्याला फक्त पाटी.

त्यामुळे अशा कुठल्याही साखळीबद्दल वाचताना 'मालक कोण' असं एकदाच विचारून थांबू नका. शेअर कुणाचे, कारभार कुणाचा, करारावर सही कुणाची आणि कर कुठे, हे चारही विचारा. चारही उत्तरं एकच आली तर उत्तम. वेगवेगळी आली, तर पैसे भरण्याआधी बारीक अक्षरं वाचा. आणि करार तुमच्या सरकारने केला असेल, तर त्याची प्रत मागा.