सोळा पिना, माहिती सोळा आणे!

कसारा घाटात चेक इंजिनचा दिवा लागला? शहापूर-मुरबाडकरांनो, बॉनेट नंतर उघडा, आधी स्टीअरिंगखाली वाका! तिथल्या ओबीडी सॉकेटमध्ये गाडी स्वतःच आपला जबाब देते.

माहीत आहे का? या सॉकेटला जागा १६ पिनांची. १६ नंबरवर बॅटरीचा प्लस, ४ आणि ५ वर अर्थ. स्कॅनर सुरूच होत नाही? ईसीयूवर, म्हणजे इंजिनच्या संगणकावर, आळ घेण्याआधी या तीन पिनांवर मीटर लावा. एखादा उडालेला फ्यूजही गुन्हेगार निघतो!

माहीत आहे का? ६ आणि १४ या जोडगोळीवर बहुतेक नव्या गाड्यांच्या ‘कॅन’ची, म्हणजे गाडीतल्या संगणकांच्या आपसातल्या जाळ्याची, बडबड चालते. हार्नेसमध्ये वेणीसारख्या पिळलेल्या दोन वायरी दिसल्या की बहुधा त्याच! पीळ हौसेचा नाही. बाहेरचा विद्युत गोंगाट दोन्ही वायरींवर सारखाच पडतो आणि फरक मोजताना आपोआप वजा होतो.

झटपट टेस्ट! बॅटरी सोडवा, ६ आणि १४ मध्ये ओहम मोजा. साधारण ६० आले? शाब्बास! दोन टोकांचे १२० चे दोन रेझिस्टर समांतर, म्हणून ६०. १२० दाखवले, तर एका टोकाची साखळी तुटलीय. शून्याजवळ गेले, तर शॉर्ट!

माहीत आहे का? १९८३ मध्ये बॉशनं कॅनचं काम हाती घेतलं आणि त्याच वर्षी डिसेंबरात आपली मारुती ८०० आली. तीही कार्ब्युरेटरवाली, ईसीयूचा पत्ताच नाही! अमेरिकेत ओबीडी-२ ची सक्ती १९९६ ची, आपल्याकडे एप्रिल २०१३ ची.

टर्मिनलच्या नंबरांची गंमत बघा. ३० म्हणजे कायमचा प्लस, १५ म्हणजे चावीनंतरचा, ३१ म्हणजे अर्थ. हे आकडे डीआयएन ७२५५२ या जर्मन मानकातले. रिलेवरचे ३०, ८५, ८६, ८७ सुद्धा तिथलेच पाहुणे!

माहीत आहे का? माळशेज घाट चढलेला गाडीला कळतो! हवेचा दाब मोजणाऱ्या मॅप सेन्सरच्या वायरी बहुधा तीन : ५ व्होल्ट, अर्थ आणि सिग्नल. चावी ऑन, इंजिन बंद ठेवून सिग्नल मोजा. मुरबाडला जास्त, घाटमाथ्यावर कमी! दर १०० मीटर चढाला हवेचा दाब टक्काभर घटतो, म्हणून. कोणती वायर सिग्नलची, हे ओळखायलाही हीच युक्ती कामाची.

आता सावधान! बल्बचा टेस्ट लॅम्प जास्त करंट ओढतो, ईसीयूचं नाजूक सर्किट जाळू शकतो. डिजिटल मीटरच वापरा. पिवळा कपलर बहुधा एअरबॅगचा, तिथे मीटरही नको. इलेक्ट्रिक गाडीतली जाड केशरी वायर हाय व्होल्टेजची, लांबूनच नमस्कार!

बाकी वायरींच्या रंगावर मात्र भाळू नका, कंपनीगणिक रंग बदलतो. आधी वायरिंग डायग्राम, मग पिन नंबर, मग मीटर. तिघांचं एकमत झालं, तरच कटर उचला!