रहदारीच्या बेटावरचं झुडूप

भरधाव गाडीतून रस्त्याकडेच्या झुडपाची जात ओळखणं हे येरागबाळ्याचं काम नव्हे. ऑक्टोबर २००९मध्ये डॅनियल ग्लूझेनकॅम्प या पर्यावरणशास्त्रज्ञाने ते केलं. हवामानबदलावरची परिषद आटोपून तो सॅन फ्रान्सिस्कोत परतत होता. गोल्डन गेट पुलापाशी रस्त्याच्या पुनर्बांधणीसाठी झाडं तोडलेली होती आणि रस्त्यांच्या बेचक्यातल्या बेटावर एक बुटकं, पसरट झुडूप उघडं पडलं होतं. ते होतं फ्रान्सिस्कन मॅन्झनीटा. निसर्गातून १९४७ सालीच नाहीसं झालं, अशी त्याची नोंद होती.

‘मॅन्झनीटा’ म्हणजे स्पॅनिशमध्ये चिमुकलं सफरचंद. फळं दिसतात तशीच, पण वाटाण्याएवढी. या गटाच्या अनेक जाती कॅलिफोर्नियात आहेत. या जातीला मात्र एकच शहर मानवलं, आणि त्या शहरातही ठरावीक खडक. सर्पेंटाइन नावाचा हा हिरवट, गुळगुळीत खडक झिजून जी माती होते तिच्यात मॅग्नेशियम भरमसाट, कॅल्शियम नावाला, वर निकेल आणि क्रोमियमसारखे जड धातू. बहुतेक झाडांना ती सोसत नाही. मॅन्झनीटाला सोसते आणि म्हणूनच तिथे गर्दी नसते. समुद्रावरून येणारं धुकं त्याला कोरड्या उन्हाळ्यात हात देतं.

फुलं उलट्या टांगलेल्या इवल्याशा मडक्यांसारखी, पांढरी-गुलाबी. त्यांच्या परागकोशांना उभी चीर जात नाही, टोकाला नुसती भोकं असतात. भुंगमाशी फुलाला लटकते, पंख न हलवता छातीचे स्नायू थरथरवते आणि मिठाच्या डबीतून मीठ झटकावं तसे पराग खाली सांडतात. आपल्या वांग्याच्या आणि टोमॅटोच्या फुलांतही हीच युक्ती असते. शेतात कान देऊन उभं राहिलं तर ऐकूही येते.

ॲलिस ईस्टवूड यांनी १९०५ साली या जातीचं शास्त्रीय वर्णन केलं. बाई खंबीर. पुढच्याच वर्षी भूकंपाने शहर हादरलं तेव्हा मोडक्या जिन्याच्या कठड्यावरून चढून त्यांनी संग्रहालयातले सुमारे दीड हजार वनस्पती-नमुने आगीच्या तोंडून वाचवले होते.

तोवर शहर टेकड्यांवर चढू लागलं होतं. झुडूप उरलं ते मुख्यतः दफनभूमींत. मेलेल्यांच्या जागेवर कोणी इमले बांधत नाही, असा आपला समज! पण सॅन फ्रान्सिस्कोत जमिनीचे भाव असे वाढले, की आधी नव्या दफनांवर बंदी आली आणि मग जुन्या कबरीही हलवल्या गेल्या. एकट्या लॉरेल हिलमधून सुमारे ३५ हजार मृतदेह शेजारच्या कोल्मा गावी नेले. बेवारस कबरींचे काही दगड समुद्रकिनारी धक्क्यांसाठी वापरले. १९४७मध्ये बुलडोझर फिरला आणि मॅन्झनीटाचा तिथला अखेरचा ताटवा गेला. जेम्स रूफ या वनस्पतिज्ञाने काही रोपं आधीच काढून बर्कलीजवळच्या उद्यानात लावली होती, म्हणून वाण तरी टिकलं.

त्यानंतरची साठेक वर्षं एक रोप वाहनांच्या गराड्यात, झाडाझुडपांच्या आडोशाला जगत राहिलं. नापीक माती, मग दफनभूमी, मग रहदारीचं बेट: ज्या जागेकडे माणसाचं लक्ष नाही तीच याची जागा.

रस्ता थांबणार नव्हता, तेव्हा झुडूपच हलवायचं ठरलं. जानेवारी २०१०मध्ये मुळांभोवतीच्या मातीच्या गड्ड्यासकट, सुमारे दहा टनांचं ते ओझं यारीने उचलून प्रेसिडिओ या राखीव परिसरातच दुसरीकडे नेलं. खर्चावरून कुरकुर झाली, कारण हीच जात काही रोपवाटिकांत चार पैशांत मिळते. कुरकुर अगदीच गैरवाजवी नाही. पण रोपवाटिकांतली रोपं वर्षानुवर्षं फांद्या लावूनच वाढवलेली, म्हणजे मोजक्याच झाडांच्या प्रती. बेटावरचं झुडूप त्यांच्याहून वेगळं. त्याच्याही फांद्यांपासून रोपं केली गेली, तीही त्याच्याच प्रती. नव्या गुणांची पिढी हवी तर बी हवं, आणि तेही सहजी रुजत नाही. मॅन्झनीटाचं बी साधारणपणे वणव्याची धग, धूर लागल्यावरच जागं होतं. भर शहरात वणवा कोण लावू देणार?

२०१२मध्ये अमेरिकेने या जातीला संकटग्रस्त यादीत घातलं. झुडपाची नेमकी जागा मात्र गुप्त ठेवली आहे. भुंगमाशीला ती सापडली म्हणजे झालं.