पोटखराब्यातील उटकटारा

गेल्या डिसेंबरात भद्रावतीला पार्श्वनाथ प्रभूंचे दर्शन घेऊन आम्ही सहकुटुंब मोहर्लीस गेलो. ताडोबा-अंधारी व्याघ्र प्रकल्पाच्या या प्रवेशद्वारी प्रत्येकाला वाघाची ओढ. माझे लक्ष मात्र गावाबाहेरच्या कोरड्या माळावरील एका काटेरी झुडपाने वेधून घेतले. उंची कमरेएवढी, कातरलेल्या पानांच्या खालच्या अंगाला पांढरी लव आणि फांद्यांच्या टोकांना निळसर पांढरे, काटेरी चेंडू. हा उटकटारा. उंट तो आवडीने खातो, म्हणून हे नाव पडले असे सांगतात.

सूर्यफूल, करडई आणि झेंडू यांच्याच कुळातील ही वनस्पती. सूर्यफुलाचे जे एक फूल आपण समजतो, तो वस्तुतः शेकडो लहान फुलांचा समूह असतो आणि त्या सर्वांभोवती हिरव्या दलांचे एकच कुंपण असते. उटकटाऱ्याची रीत निराळी. त्याच्या चेंडूतील प्रत्येक इवल्या फुलाला स्वतःचे काटेरी कुंपण असते. आपल्या भाषेत सांगायचे, तर पेढी एक, परंतु प्रत्येक भावाचे खाते स्वतंत्र! फळे पक्व झाली की चेंडू विस्कटतो आणि प्रत्येक बी आपले कवच घेऊन निराळी वाट धरते.

बँकेच्या नोकरीत तारण जमिनींची पाहणी करणे हे माझे काम होते. जेथे असा माळ दिसे, तेथे 'पडीक, निरुपयोगी' असा शेरा मी निःशंकपणे लिहीत असे. तेथे काय उगवले आहे, हे एकदाही वाकून पाहिले नाही. त्या शेऱ्यांची आज खंत वाटते.

माझा पुतण्या गोदामासाठी चंद्रपूरजवळ जमीन पाहत आहे. "काका, पोटखराबा बराच आहे, आधी जेसीबी लावून सगळे साफ करू," असे तो वाटेत म्हणाला होता. मी त्याला उटकटाऱ्यापाशी नेले. भोवतीचे गवत वाळले होते. फुललेल्या चेंडूंवर मात्र मधमाश्या गुंतल्या होत्या. तो बराच वेळ पाहत राहिला. मग म्हणाला, "बांधालगतची पट्टी तशीच ठेवू. गोदामाला तिची गरज नाही."

जमीन घेताना सातबारा आपण बारकाईने तपासतोच. त्यावर पोटखराबा लिहिलेला दिसला, तर हिवाळ्यात एकदा तेथून पायी फिरून यावे आणि मगच यंत्र बोलवावे.